मालिका लिहायची म्हणजे मधला भाग लिहायचा

तुम्ही लिहिलंय की वय ३९ आहे, नोकरी चालू आहे, चार-सहा कथा छापून आल्या आहेत आणि आता रोजच्या मालिकांसाठी लिहायचं मनात आहे. मग तीन प्रश्न: हे करिअर म्हणून धरता येतं का, आत शिरायचं कुठून, आणि लेखकाच्या हातात खरंच काही असतं की वरून सांगतील ते टाइप करायचं? मी १९ वर्षं हेच करते आहे. आधी संवाद, मग पटकथा, आता कथाविस्तार. उत्तर लांबणार आहे. लांबवायची सवय लागली आहे, चालवून घ्या.

कथा लिहिणाऱ्यांची एक अडचण आधी सांगते, कारण मीही तिथूनच आले. आपल्याला सुरुवात छान सुचते आणि शेवटावर तर आपला जीवच जडलेला असतो. मालिकेची सुरुवात एकदाच होते आणि बहुतेक वेळा ती दुसऱ्याच कुणीतरी आधी विकून झालेली असते. शेवट कधी ते कुणालाच ठाऊक नसतं, आणि येतो तो ‘पंधरा दिवसांत गुंडाळा’ असं सांगतच येतो. उरतो मधला भाग. शेकडो एपिसोडचा मधला भाग. तो ज्याला लिहिता येतो त्याला या धंद्यात काम मिळत राहतं. बाकीचे सहा महिन्यांत ‘आता वेबसाठी काहीतरी करतोय’ म्हणू लागतात.

मधला भाग लिहिणं म्हणजे काय ते दाखवते. दोन बहिणी आहेत. कपाट आवरताना धाकटीच्या हाती थोरलीचा हॉस्पिटलचा रिपोर्ट लागतो. कथेत तुम्ही हे दीड पानात संपवाल: ती वाचते, खिडकीबाहेर बघते, पूर्णविराम. मालिकेत या एका कागदावर तीन आठवडे काढायचे असतात. बाहेरून लोक म्हणतात पाणी घालतात. घालतातही, मी नाकारत नाही. पण कागद तोच ठेवून पाणी न घालता तीन आठवडे काढता येतात, कारण गोष्ट कागदाची नसतेच, कुणाला काय माहीत आहे याची असते. धाकटीने रिपोर्ट वाचलाय हे थोरलीला माहीत नाही. थोरलीच्या नवऱ्याला आजार माहीत आहे, पण त्याला वाटतं धाकटीला काहीच कल्पना नाही. आईला फक्त एवढंच दिसतंय की दोघी एकमेकींशी जरा जास्तच गोड बोलतायत. प्रेक्षकाला मात्र सगळं माहीत. आता या चौघांना एका खोलीत बसवा आणि भिंतीला कुठला रंग द्यायचा यावर बोलू द्या. सीन ताठ उभा राहतो. थोरली म्हणाली, ‘पुढच्या वर्षी बघू ना रंगाचं,’ की प्रेक्षकाच्या पोटात कालवलं पाहिजे.

माझी कसोटी साधी आहे. एपिसोड संपेपर्यंत निदान एका माणसाला, सुरुवातीला माहीत नव्हतं असं काहीतरी कळलेलं असावं. नसेल तर तेच पाणी. मग त्यात कितीही थोबाडीत मारल्या जावोत आणि कितीही दारं आपटोत.

त्यासाठी मी एक वही ठेवते. लॅपटॉपवर ठेवून पाहिलं, जमलं नाही. प्रत्येक पात्राला एक पान, त्यावर फक्त दोन रकाने: काय कळलं, कुठल्या एपिसोडला. ही वही मला एका फजितीने शिकवली. एका मालिकेत मी नायिकेला मोठा धक्का दिला. तिला कळतं की तिचा भाऊ दत्तक आहे. डोळे विस्फारले, संगीत वाजलं, भाग तिथेच गोठवला. दुसऱ्या दिवशी प्रेक्षकांचे मेसेज: हे तर हिला साठ-सत्तर भागांपूर्वीच कळलं होतं, हॉस्पिटलच्या जिन्यात. खरंच कळलं होतं. तो सीन माझ्या आधीच्या लेखकाने लिहिला होता आणि मी तो नुसता चाळला होता. रोज बघणाऱ्या माणसाची स्मरणशक्ती लेखकाच्या स्मरणशक्तीपेक्षा नेहमीच चांगली असते, कारण त्याने एकच मालिका मनापासून पाहिलेली असते आणि आपण तिची तेरा रूपं लिहून खोडलेली असतात.

आता काम कसं वाटलेलं असतं ते. मालिकेच्या शेवटी तीन वेगळी श्रेयं दिसतात, कथाविस्तार, पटकथा, संवाद, आणि लोकांना वाटतं एकच काम तिघांत वाटलंय. तसं नाही. कथाविस्तारवाला पुढच्या दोन-तीन महिन्यांचा प्रवास ठरवतो, म्हणजे कुठला ट्रॅक (उपकथा) कधी उघडणार, कुठला कधी मिटणार. पटकथावाला आठवड्याचे एपिसोड पाडतो आणि प्रत्येक एपिसोड सीनमध्ये मांडतो: कोण, कुठे, काय घडतं, ब्रेकला कुठे सोडायचं, शेवटी कशावर अडकवायचं. संवादवाला त्या मांडणीत माणसं बोलती करतो. अर्ध्या तासाच्या वेळेत जाहिराती वगळून साधारण बावीस मिनिटं मिळतात, म्हणजे सहा-सात सीन. अमेरिकेतही उतरंड थोड्याफार फरकाने अशीच आहे. तिथे मुख्य लेखक, त्याच्या हाताखाली एपिसोडचा आराखडा करणारे आणि शेवटी संवाद लिहिणारे असतात.

ही उतरंड फार जुनी आहे, रेडिओच्या काळातली. १९३० मध्ये शिकागोच्या एका रेडिओ केंद्रावर इर्ना फिलिप्स नावाच्या बाईने पंधरा-पंधरा मिनिटांची रोजची कौटुंबिक मालिका सुरू केली. साबण कंपन्यांनी अशा मालिकांना पैसा पुरवला म्हणून त्यांचं नावच ‘सोप’ पडलं. ही बाई सगळ्या पात्रांचे संवाद स्वतः अभिनयासकट बोलून दाखवायची आणि सेक्रेटरी उतरवून घ्यायची. तिची ‘गायडिंग लाइट’ १९३७ मध्ये रेडिओवर सुरू झाली, १९५२ मध्ये टीव्हीवर आली आणि २००९ पर्यंत चालली. ७२ वर्षं! लिहिणारे किती बदलले असतील, विचार करा. मी मधला भाग म्हणते तो हा.

रेडिओचा हा वारसा अजून आपल्या अंगात आहे आणि नवे लेखक त्याला नाकं मुरडतात. पात्रं एकमेकांना सारखी नावाने का हाक मारतात? झालेलं पुन्हा का सांगतात? कारण मालिका निम्म्याहून जास्त वेळ ऐकली जाते. घरातला माणूस पाठमोरा उभा राहून काहीतरी करत असतो आणि कान टीव्हीकडे असतो. तुमचा सुंदर निःशब्द सीन त्याच्यापर्यंत पोचतच नाही. म्हणून मी संवाद लिहून झाल्यावर कुणाला तरी वाचायला सांगते आणि स्वतः डोळे मिटून ऐकते. कोण बोलतंय ते नाव न घेता कळलं तर उत्तम. नाही कळलं तर सगळी पात्रं माझ्याच आवाजात बोलतायत, असं समजते आणि पुन्हा बसते.

संवादाचंच निघालंय तर बहिणींकडे परत जाऊ. नवीन लेखक पहिल्या झटक्यात असं लिहितो: ‘ताई, तू माझ्याशी खोटं बोललीस! इतका मोठा आजार लपवलास! मी तुझी कुणीच नाही का?’ तिन्ही वाक्यं खरी आणि तिन्ही फुकट. सगळी दारुगोळ्याची कोठी एकदम उडवली, आता उद्या काय? त्याऐवजी धाकटी जेवढं विचारू शकते तेवढंच विचारू दे: ‘ताई, कपाटाची किल्ली हल्ली तू तुझ्याकडेच ठेवतेस?’ थोरली घडी घालत असलेली चादर तशीच हातात धरून म्हणते, ‘का गं? काही हवंय?’ ‘नाही. सहज.’ दोघींनाही काहीतरी कळलं, दोघींनी काहीच कबूल केलं नाही, आणि उद्यासाठी सगळा दारुगोळा शाबूत. या ‘सहज’वर मी एपिसोड सोडला आहे. कलाकार चांगली असेल तर त्या एका शब्दावर ती तीन सेकंद थांबते, आणि तुम्हाला श्रेय मिळतं.

कलाकार म्हटलं की आलं पुढचं संकट. तुम्ही लिहिताय ती कथा अर्धी वेळापत्रकाने लिहिलेली असते. अमुक कलाकार महिन्यातले इतकेच दिवस. बाहेरचं शूट आठवड्यातून एकदाच. सेटवर दिवाणखाना, दोन खोल्या आणि एक जिना एवढंच उभं आहे, म्हणून ‘ती स्टेशनवर धावत जाते’ लिहायचं नाही, ‘ती धापा टाकत परत येते’ लिहायचं. तयार एपिसोडची बँक चार-पाच दिवसांची असेल तर सगळे हसतखेळत असतात. ती एका दिवसावर आली की सकाळी सहाला फोन वाजतो.

माझ्याकडे असाच एकदा वाजला. त्या दिवशी वडिलांनी मुलीपुढे कबुलीजबाब द्यायचा होता, आठ पानांचा सीन, आठवडाभर प्रोमो चालू. वडिलांचं काम करणारे गृहस्थ तापाने फणफणलेले. युनिट नऊला तयार. पुढे ढकलणं शक्य नाही, प्रोमोत तारीख दिलेली. मी मुलीला वडिलांच्या बंद दाराबाहेर उभं केलं. आठ पानांतलं वडिलांचं सगळं बोलणं काढून टाकलं आणि तिलाच बोलायला लावलं: मला कळलंय बाबा, तुम्ही नका सांगू, फक्त दार उघडा. आतून उत्तर नाही. दाराच्या फटीतून येणारा उजेड विझतो. संपला सीन. साडेआठला पानं सेटवर पोचली. त्या आठवड्यात प्रेक्षकसंख्येचे आकडे चढले आणि सगळ्यांनी माझं कौतुक केलं. माझं त्यात काय होतं, एकशे दोन ताप होता. पुढचा महिनाभर निर्मिती संस्थेतून फोन येत होते, ‘मॅडम, तसा एखादा बंद दाराचा सीन टाका ना.’

आता तुमचा तिसरा प्रश्न, हातात काही असतं का. आकडे दर आठवड्याला येतात आणि त्यांच्यावर ट्रॅकचं आयुष्य ठरतं. तुम्ही तीन महिने जपून वाढवलेलं पात्र एका मीटिंगमध्ये ‘परदेशी पाठवून देऊ’ होतं. यावर रडण्यात अर्थ नाही. तो या कामाचा भागच आहे. भारतातली पहिली मोठी ‘सोप’ वळणाची मालिका घ्या, दूरदर्शनवरची ‘हम लोग’, जुलै १९८४. मनोहर श्याम जोशींसारखा कसलेला कादंबरीकार लिहीत होता. सुरुवातीला कुटुंबनियोजनाचा संदेश इतका ठासून भरला होता की लोक कंटाळले. मग तेराएक भागांनंतर संदेश मागे सारून माणसांची गोष्ट पुढे आणली गेली आणि तीच मालिका देशाने डोक्यावर घेतली. म्हणजे प्रेक्षकाचं ऐकून वळण बदलणं यात दर वेळी लेखकाचा पराभवच असतो असं नाही.

आणि वरून बंधन आलं तरी वाट काढता येते. ॲग्नेस निक्सन ही फिलिप्सच्याच हाताखाली तयार झालेली लेखिका. १९६२ मध्ये तिला ‘गायडिंग लाइट’मध्ये गर्भाशयाच्या कर्करोगाची तपासणी हा विषय आणायचा होता. तिची एक मैत्रीण त्याच आजाराने गेली होती. वाहिनी आणि प्रायोजकांनी परवानगी दिली, पण ‘कॅन्सर’, ‘गर्भाशय’ आणि गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियेचं नाव, हे तीन शब्द उच्चारायचे नाहीत या अटीवर. तिने ते तीन शब्द न वापरता सगळी कथा लिहिली आणि बायकांपर्यंत पोचवली. मला जेव्हा जेव्हा सांगितलं जातं की अमुक दाखवता येणार नाही, तेव्हा मी आधी दहा मिनिटं चिडते आणि मग या बाईला आठवून शब्द टाळून लिहायला बसते. अर्थात प्रत्येक बंधनातून निक्सन निघत नाही. काही सूचना निव्वळ मूर्खपणाच्या असतात. त्यांच्यावर माझा उपाय असा की ‘हो’ म्हणायचं, आठवडाभर थांबायचं. तोवर सूचना देणारा ती विसरलेला असतो, किंवा बदललेला असतो.

पैशाचं. मालिकेत मोबदला एपिसोडच्या हिशोबाने मिळतो. महिन्याला वीस-पंचवीस एपिसोड पडतात, त्यामुळे मालिका चालू असेपर्यंत आवक बरी आणि नियमित वाटते. वाटते, असं मुद्दाम म्हणते. पैसे हातात पडायला दोन-तीन महिने लागू शकतात आणि मालिका अचानक बंद पडली की शेवटचा हप्ता अडकतो. माझा एका ठिकाणी चाळीस एपिसोडचा मोबदला बुडाला. करारात रक्कम होती, तारीख नव्हती. तेव्हापासून मी आधी तारीख वाचते, मग रक्कम. शिवाय तीन गोष्टी लिखित मागा: तुमचं श्रेय कसं दिसेल, काम काढून घेतल्यास किती दिवस आधी कळवणार, आणि दुसऱ्या भाषेत मालिका केली तर तुम्हाला काय. शेवटची बहुधा मिळणार नाही, तरी मागा. इर्ना फिलिप्सचंच बघा, पहिल्या मालिकेवर तिने हक्क सांगितला तेव्हा केंद्राने तो मानला नाही. ती कोर्टात गेली आणि हरली. दरम्यान ती शहाणी झाली होती आणि पुढच्या मालिकांचे हक्क तिने स्वतःकडे ठेवले. लेखकांची संघटना असेल तर आधी सभासद व्हा, गरज पडल्यावर नव्हे. आणि हो, मला एका मालिकेतून काढलंय हे मला श्रेयनामावलीतून कळलं होतं. माझ्या जागी दुसरं नाव होतं. घरच्यांनी आधी वाचलं.

म्हणून नोकरी लगेच सोडू नका. निदान दीड वर्षाचा खर्च बाजूला असल्याशिवाय तर नकोच. पण एक सावधही करते, नोकरी सांभाळून रोजचे संवाद लिहिणं फार दिवस जमत नाही. सकाळी आराखडा येतो, रात्री सीन जायला लागतात, मध्ये दुरुस्त्या. मान आणि डोळे पहिले तक्रार करतात, घरचे नंतर. पटकथेचं काम त्या मानाने आठवड्याच्या लयीत चालतं. नोकरी असेल तर तिथे किंवा दुसऱ्या संवादलेखकाला हात देण्याच्या कामात जागा शोधा.

वय ३९ ही अडचण नाही. ‘कोरोनेशन स्ट्रीट’ ही ब्रिटिश मालिका टोनी वॉरेनने २४ व्या वर्षी उभी केली हे खरं. डिसेंबर १९६० मध्ये ती तेराच भागांच्या बोलीवर सुरू झाली होती आणि आजही चालू आहे. पण मालिकेत रोज लागतं ते घरातलं राजकारण, आजारपण, पैशाची ओढाताण, न बोलता धरलेले राग. हे चाळिशीत जास्त ठाऊक असतं. चोविशीतल्या मुलांना मी फार वेळा सांगते की खऱ्या घरात कुणी एवढं स्पष्ट बोलत नाही रे.

शिरायचं कुठून? वाहिनीला थेट कथा पाठवून काही होत नाही, हे स्वीकारा. नवी मालिका नव्या माणसाला कुणी देत नाही. दार उघडतं ते चालू मालिकेत, जेव्हा कुणीतरी थकतो, आजारी पडतो किंवा भांडतो. आणि अशा वेळी मुख्य लेखक त्याच माणसाला फोन करतो ज्याचे दोन सीन त्याने आधी वाचलेले असतात. खुद्द निक्सनही अशीच आत आली, फिलिप्ससाठी संवाद लिहीत. आमच्याकडे विचारणा आली की आम्ही एक आराखडा देतो आणि म्हणतो दोन सीन उद्या सकाळपर्यंत पाठवा. त्यात पहिली परीक्षा ‘सकाळपर्यंत’ची असते. साहित्यिक भाषेत लिहिलेले उत्कृष्ट सीन दुपारी आले तर मी वाचतसुद्धा नाही. क्रूर वाटेल, पण युनिट नऊला उभं असतं.

तयारी अशी करा. एकच मालिका निवडा, आवडती नसली तर अधिकच चांगलं. वीस एपिसोड ओळीने बघा आणि प्रत्येकाचा उलटा आराखडा काढा: सीन किती, कोण कुठे, कुणाला काय कळलं, ब्रेक कुठे घेतला. एकविसाव्या दिवशी एपिसोड बघायच्या आधी तो स्वतः मांडा. मग बघा. जुळलं नाही तर काही बिघडत नाही. त्यांनी तुमच्यापेक्षा कमी गोष्ट का खर्च केली ते शोधा. बहुतेक वेळा तुम्ही एका दिवसात चार दिवसांची गोष्ट उधळलेली असेल. माझ्याकडे येणारे जवळजवळ सगळेच उधळे असतात.

धंद्याच्या भवितव्याचं विचारलं नाहीत, तरी थोडं बोलते. अमेरिकेत २००९ ते २०१२ या काळात दिवसा दाखवल्या जाणाऱ्या चार जुन्या मालिका एकामागून एक टीव्हीवरून उतरल्या, तेव्हा सगळे म्हणाले संपलं. आता फोनवर उभ्या चौकटीत दीड-दोन मिनिटांचे भाग चालतात आणि तिथे दर दोन मिनिटांना प्रेक्षक अडकवावा लागतो. मला ते बघवत नाही, पण लिहायला मागणी आमच्यासारख्यांनाच येते.

तर नमुना म्हणून छापील कथा पाठवू नका, कितीही आवडत्या असल्या तरी. रिपोर्टवाल्या दोन बहिणी घ्या, नाहीतर तुमच्या मनातलं दुसरं कुठलंही घर. दहा एपिसोडचा आराखडा, प्रत्येकी अर्धं पान, आणि त्यातल्या कुठल्याही दोन सीनचे पूर्ण संवाद. आणि कृपा करून, तिसऱ्याच एपिसोडला थोरलीला सगळं कळू देऊ नका.